पहिल्या रांगेतलं घड्याळ

३ जून, मंगळवार

विंचवानेच मान मोडली त्याची. मी माझ्या डोळ्यांनी पाहिलं. आज नातीला हे तीनतीनदा सांगितलं — तिच्या त्या फोनमध्ये तोंड खुपसून सांगितलं, म्हणजे आवाज आत राहतो म्हणे.

कुस्त्यांचं प्रदर्शन भरवणार आहेत. ती आणि तिच्यासारखीच चार रिकामटेकडी डोकी. वाचनालयाच्या वरच्या हॉलमध्ये. मातीतल्या कुस्त्या नव्हेत — आमच्या शनिवारच्या! दोरांचं रिंगण, वर झगझगीत दिवे, तोंडावर मुखवटे, एक चांगला, एक वाईट, आणि खाली आम्ही घसा फोडून ओरडणारे. बंद पडून चाळीस वर्षं होतील. कंपनीचा मालक मेला आणि त्याच्या पोरांनी जाहिराती, फोटो, पोशाख, सगळं भंगारात घातलं. चिटोरं ठेवलं नाही. मग आता कोण सांगणार? तर ज्यांनी पाहिलं ते.

म्हणजे मी! चौथी शिकलेली, शर्टाच्या कारखान्यात काजं-बटणं करून जन्म काढलेली. "आजी, तू म्हणजे आमचा पुरावा आहेस," नात म्हणाली. म्हटलं, पुराव्याचे गुडघे दुखतायत, ती उशी दे इकडे.

ही वहीसुद्धा तिनेच आणून दिली. "आठवेल ते लिही, मला दाखव." दाखवते तर! माझी वही, माझं तोंड, इथे मी वाट्टेल ते बोलेन.

तर शेवटची कुस्ती. पोलाद आणि विंचू. पोलाद कोपऱ्यातल्या खांबावर चढला, वरून विंचवावर झेप घेतली — आणि तो काळ्या मुखवट्याचा मेला ऐन वेळी बाजूला सरकला! पोलाद डोक्यावर आपटला. परत पायांवर उभा राहिला नाही. आठ वर्षं खाटेवर काढली आणि गेला. कुस्त्या मात्र तो आपटला त्याच साली बंद झाल्या.

विंचवाच्या फोटोखाली हेच लिहिणार आहेत. आणि बटण दाबलं की माझा आवाज येणार.

५ जून, गुरुवार

माझा आवाज ऐकवला मला. असा?? गंजलेल्या फाटकासारखा? आणि एवढी वर्षं कुणी बोललं नाही!

८ जून, रविवार



सकाळी दारावर एक बाई. चाळिशी ओलांडलेली, नर्सचे पांढरे बूट, डोळ्यांखाली काळं. म्हणाली, "मावशी, आत येऊ का? मी विंचवाची मुलगी."

मी दार धरूनच उभी राहिले. मला वाटलं होतं तो मेला असेल. मेलाच असणार अशी माझी पक्की समजूत! तर म्हणे जिवंत आहे. बसच्या दोन थांब्यांवर राहतो! मी ज्या दुकानातून साबण आणते त्याच्या मागच्या बिल्डिंगमध्ये! चाळीस वर्षांत किती वेळा माझ्या खांद्याला खांदा घासून गेला असेल. मुखवट्याच्या आत तोंड कसं होतं ते कुणाला माहीत होतं?

चहा केला. करावाच लागतो. बसली, पण कप उचलला नाही.

"मावशी, फोटो लावा. पोशाख मी देते, कपाटात आहे. फक्त ती ओळ नको. पप्पांची मूत्रपिंडं निकामी झालीत. थोडे दिवस राहिलेत."

"जे झालं ते झालं. मी डोळ्यांनी पाहिलंय," मी म्हटलं.

"कंपनी बंद पडताना मालकानेच त्यांचं नाव फोडलं, पत्ता फोडला. आमच्या जुन्या घराच्या दारावर डांबर फासायचे. शाळेत माझ्याशेजारी कुणी बसायचं नाही. विंचवाची पोर, चावेल. मी पप्पांना विचारलं, तुम्ही सरकलात का? तर म्हणायचे, अभ्यास कर." तिने पर्स उघडली, बंद केली. "मला काय वाटतं ते सोडा. पण जाताना तरी माणसाने पाटीवर असं वाचून जाऊ नये."

मी म्हटलं, "पोलादनेही मान मोडून जायला नको होतं."

उठली. दारात वळून म्हणाली, "तुमची नात पप्पांचा फोटो मागायला आली होती, तिच्या फोनवर तुमचा आवाज ऐकला मी. फार खात्री आहे हो तुमच्या आवाजात."

आता याला काय म्हणायचं, कौतुक की चपराक?

९ जून, सोमवार

गोड बोलून पाघळवायला आली होती. मी काही लोणी नाही. ओळ राहणार.

१२ जून, गुरुवार

आज जे ऐकलं ते कुणी सांगितलं असतं तर मी त्याच्या कानाखाली आवाज काढला असता. काढणारच होते.

नात पंचाला घेऊन आली. रिंगणातला पंच — काळे-पांढरे पट्टे, गळ्यात शिट्टी, तोच. आता केस काळेभोर रंगवलेले, दात नवे, बोलताना टकटक वाजतात. बसल्या बसल्या तीन कप चहा रिचवला. नात विचारते, हा सांगतो. कोण कुठून आला, कुणाचा मुखवटा कोण शिवायचं. मग सहज, नाक पुसता पुसता म्हणतो —

"निकाल तर दुपारीच ठरायचा. मालक सांगायचा, आज हा, पुढच्या शनिवारी तो."

मी म्हटलं, "काय ठरायचं?"

"कोण जिंकणार ते."

"कुठल्या कुस्तीत?"

"सगळ्याच हो काकू!"

मी बारा-तेरा वर्षं त्या खुर्चीत बसले. घसा बसेपर्यंत ओरडले, आमच्या ह्यांच्याशी भांडून गेले, एकदा तर विंचवाच्या पाठीत छत्री घातली — आणि ते सगळं नाटक?

"नाटक नाही," पंच म्हणाला. "पडणं खरं होतं. लाकडी फळ्या, वर पातळ गादी. हाडं खरी होती. फक्त भांडण खोटं."

"चालते व्हा," मी म्हटलं.

नातीने डोळे वटारले — माझ्यावर! तिला आधीच माहीत होतं! सगळ्या जगाला माहीत होतं म्हणे. फक्त मी एकटी ठार वेडी.

पंच उठला नाही. बिस्कीट बुडवून खाल्लं, आणि माझ्याकडे निरखून बघत राहिला. मग एकदम मांडीवर थाप मारली.

"पहिली रांग! तिसरी खुर्ची! छत्रीवाली बाई! अहो, तुम्ही? घड्याळ!"

मला वाटलं चढली याला.

"तुम्हाला आम्ही घड्याळ म्हणायचो. कपडे बदलायच्या खोलीत पहिला प्रश्न — घड्याळ आलंय का? निकाल ठरलेला असायचा, पण वेळ कोण ठरवणार? पोलादने मार खात किती पडून राहायचं? लवकर उठला तर लोकांना मजा नाही. उशिरा उठला तर लोक दोर तोडून आत. मग आमचं ठरलं होतं — तिसऱ्या खुर्चीवरची बाई छत्री घेऊन उठली की पोलाद उठणार. दिवे डोळ्यांवर असायचे, बाकी अंधार, पण पहिल्या रांगेत कुणी उभं राहिलं की आकार दिसायचा. तुमचं कधी चुकलं नाही. बाहेरगावच्या पैलवानांनाही आम्ही सांगायचो, त्या बाईकडे बघून चला."

मी नातीकडे बघितलं. नात माझ्याकडे. फोन चालू होता.

जाताना मी त्याला शेवटच्या कुस्तीचं विचारलं. म्हणाला, "मी काही पाहिलं नाही. विंचवाने मला ढकललं, मी बेशुद्ध. तसंच ठरलेलं. डोळे मिटून पडलो होतो, आवाज आला तेव्हा उघडले. पण एक सांगतो काकू — आमच्या धंद्यात उडी मारणाऱ्याला टाळ्या मिळतात, पण जीव असतो झेलणाऱ्याच्या हातात. वरून येणाऱ्याला अंगावर घ्यायचं आणि आपटल्यासारखं दाखवायचं. विंचवासारखा झेलणारा मी दुसरा पाहिला नाही."

"मग त्या दिवशी का नाही झेललं?"

दात टकटकले. "तेच तर."

१३ जून, शुक्रवार

जेवले नाही. लेक म्हणाली, "आई, कुस्ती खोटी निघाली म्हणून उपाशी राहणारी तू पृथ्वीवर एकटी."

तिला काय कळतंय. चार वर्षांची होती तेव्हा, माझ्या मांडीवर झोपायची.

१५ जून, रविवार

तसं बघितलं तर — घड्याळ! मी!

कारखान्यात मला कुणी काय म्हणायचं? "ए तिसरं मशीन." घरी सासू काय म्हणायची ते या वहीतही लिहिणार नाही. आणि तिकडे दिव्याखाली डोंगराएवढे पुरुष माझ्या उठण्याची वाट बघत मार खात पडलेले! मी उठले की जग उठायचं!

वाण्याला सांगितलं. वरच्या मजल्यावरच्या शिक्षिकेला सांगितलं. दोनदा. आज ती जिन्यात मला बघून परत वर गेली.

आमचे हे असते तर त्यांनाही सांगितलं असतं. शनिवार आला की म्हणायचे, "तू गेली नाहीस तर कुस्ती थांबणार आहे का?" थांबली असती हो! थांबली असती!

१७ जून, मंगळवार

नातीला घबाड मिळालं. दातांचा डॉक्टर! बाल्कनीत बसायचा, दिवसभर लोकांच्या तोंडात बघून कंटाळला की शनिवारी हातातल्या छोट्या कॅमेऱ्याने कुस्त्यांची फिल्म काढायचा. कुणी सांगितलं नव्हतं, कुणी मागितली नव्हती. हौस! तो गेला. बायकोने डबे पलंगाखाली ठेवले होते, बुटांच्या मागे. म्हणाली, "टाकायला हात होईना आणि बघायला मशीन नाही." नातीच्या मित्राने ते कॉम्प्युटरवर चढवले. आवाज नाही, नुसती चित्रं.

पहिला डबा पाहिला. ती बाई कोण? तिसरी खुर्ची, छत्री, तोंडाचा एवढा मोठा आ, मान ताठ, केस सुटलेले — केवढी हडकुळी आणि केवढी भयंकर! "आजी, तू तर मारामारी करायला आल्यासारखी दिसतेस." होतेच आलेली.

आणि खरंच! मी उठले, छत्री वर — आणि पोलाद मेलेला जिवंत व्हावा तसा उठला. परत लाव म्हटलं. पुन्हा. पुन्हा. दहादा तरी बघितलं असेल. दर वेळी उठला.

नणंदही दिसली, माझ्या शेजारच्या खुर्चीत. शेंगांची पुडी धरून बसलेली. जाऊनही वर्षं झाली तिला. पुडी मात्र मला एकदाही पुढे केली नाही, तेही दिसलं फिल्ममध्ये.

शेवटच्या कुस्तीचा डबा वेगळा आहे. फिल्म चिकटलीय, सोडवायला वेळ लागेल.

नात विंचवाच्या मुलीलाही बोलावणार आहे. म्हटलं बोलाव. बघू दे की एकदा बापाचा पराक्रम. माझ्या तोंडचं पटत नाही ना, मग डॉक्टरच्या कॅमेऱ्याचं पटेल.

२० जून, शुक्रवार

कसं लिहू.

दुपारी सगळे जमलो. नात, माझी लेक, विंचवाची मुलगी ड्यूटीवरून थेट आलेली. मी मधल्या खुर्चीत. मीच म्हटलं, "लाव."

पोलाद पडलेला. विंचू दोरांवर वाकून पलीकडच्या लोकांना शिव्या घालतोय, आमच्याकडे पाठ. पंच आडवा, पंचाने सांगितलं तसाच. मी खुर्चीत बसलेय. हे सगळं मला आठवतंय तसंच.

मग मी उठले.

ओरडत नव्हते. तोंड मिटलेलं. रिंगणाकडे बघतसुद्धा नव्हते. खाली वाकले, पोर उचलली, कडेवर घेतली, दुसऱ्या हातात छत्री — आणि वळून, पाठ फिरवून, रांगेतून बाहेर निघाले. नणंद पाय आखडून मला वाट देतेय. मी अंधारात गेले. खुर्ची रिकामी.

आणि मी वळत होते तेव्हाच पोलादने मान वर केली. आमच्या बाजूला बघितलं. उठला. कोपऱ्याकडे धावला.

तेवढ्यात कॅमेऱ्यासमोर कुणाचं तरी टक्कल आलं. बाल्कनीतला पुढचा माणूस उभा राहिला मेला! नुसतं टक्कल, टक्कल, टक्कल. ते खाली बसलं तेव्हा पोलाद फळ्यांवर पडलेला, वेडावाकडा. आणि विंचू थोडा लांब, दोन्ही हात पसरून उभा. ते हात धरायला पसरलेले की काखा वर केलेले, कळत नाही. कितीही वेळा लावलं तरी कळत नाही.

माझी खुर्ची रिकामीच.

मग माझी लेक हळूच म्हणाली, "आई, मला आठवतं हे. मला लघवी लागली होती. हिरव्या दाराचा संडास. कडी लागत नव्हती म्हणून तू दाराला पाय लावून उभी होतीस. आणि बाहेर एकदम सगळे ओरडले."

हिरवं दार!

मलाही आठवलं. त्या क्षणी आठवलं, चाळीस वर्षांत एकदाही आठवलं नव्हतं. परत आले तेव्हा लोक खुर्च्या फेकत होते आणि नणंद छाती बडवत सांगत होती — "सरकला गं, मेला बाजूला सरकला!" तिने पाहिलं. तिने सांगितलं. मी कारखान्यात सांगितलं, नळावर सांगितलं, ह्यांना सांगितलं, आणि सांगता सांगता ते माझ्या डोळ्यांत कधी जाऊन बसलं देव जाणे. मला ते अजूनही दिसतंय! आत्ता, हे लिहिताना, तो सरकताना दिसतोय! आणि मी तिथे नव्हतेच.

विंचवाच्या मुलीने माझ्याकडे पाहिलं. रागाने नाही. रागाने बघितलं असतं तर बरं झालं असतं.

२१ जून, शनिवार

पुढचं कुणी तोंडाने बोलत नाहीये, पण नातीला कळलंय, मलाही कळलंय.

घड्याळ उठलं म्हणून पोलाद उठला. विंचवाची पाठ होती. त्याला अजून वेळ आहे असं वाटत असणार. झेलणारा तयार नव्हता आणि वरून माणूस आला.

पोरीला लघवी लागली म्हणून.

शनिवार आहे आज. दिवसभर तोंडाला चव नाही. एवढ्या वर्षांत मला कधी कुठल्या गोष्टीचा धक्का बसला नाही, नवरा गेला तेव्हाही मी आधी गॅस बंद केला आणि मग बसले. पण हे — हे डोक्यात शिरतच नाही. दारातून आत येतं आणि उंबऱ्यावरच उभं राहतं.

२२ जून, रविवार

गेले त्याच्याकडे. साबणाच्या दुकानामागे, दुसरा मजला. जिन्याने जीव खाल्ला.

केवढासा झालाय! पलंगात उशी आणि चादर यांच्यामध्ये काहीतरी आहे एवढंच. टीव्हीवर जनावरांचा कार्यक्रम बघत होता. मुखवट्याशिवाय पहिल्यांदा बघितला. साधं तोंड. पोस्टात नाहीतर बँकेत असतं तसलं. या तोंडाला मी एवढ्या शिव्या दिल्या?

मला बघून टीव्हीचा आवाज बंद केला. "छत्री कुठाय?"

म्हणजे ओळखलं!

मी काही प्रस्तावना केली नाही. मला येत नाही. म्हटलं, "फिल्म पाहिली. मी उठले म्हणून तो चढला. तुमची पाठ होती. बरोबर?"

तो म्हणाला, "चहा घेणार?"

"बरोबर का चूक?"

"बिनसाखरेचा करते ती. मला बंद, म्हणून सगळ्यांना बंद."

त्याची मुलगी रडकुंडीला आली. "पप्पा, बोला ना एकदा! सांगा ना यांना!" मग तीच माझ्याकडे वळली. "रविवारी आम्ही पोलादकाकांकडे जायचो. मागच्या दाराने. पप्पा त्यांची दाढी करायचे, अंग पुसायचे, कूस बदलायचे. लोक पुढच्या खिडकीतून काकांना हात करायला यायचे, तेव्हा पप्पा पलंगामागे खाली बसायचे. मी पण बसायचे. मला वाटायचं खेळ आहे."

मी खुर्चीचा हात धरला. दोघांत विस्तव जात नव्हता! एका रस्त्याने जात नव्हते! आम्हीच तर पाहिलं होतं!

"दोस्त होता," विंचू म्हणाला. एवढंच.

"मग तेव्हाच का नाही सांगितलं लोकांना? अपघात झाला म्हणून?"

"काय सांगणार? की ठरलेलं होतं सगळं? मग त्या खिडकीशी कोण आलं असतं? लोक पोलादला बघायला यायचे. मी तोंड उघडलं असतं तर आत नुसता एक लुळा माणूस उरला असता."

"आता तर तो नाही."

"लोक आहेत ना. तुम्ही आहात." मग त्याने हात झटकला, माशी हाकलल्यासारखा. "पाटीवर आहे ते राहू द्या. चाळीस वर्षं वाईट होतो, चांगलं चाललं होतं. आता मरताना मला सज्जन करू नका. अंग खाजेल."

हसायला आलं मला. मेल्याने हसवलं!

मुलगी जिन्यापर्यंत आली. म्हणाली, "ते काही म्हणोत मावशी. ती ओळ काढा. मी पाया पडते." खरंच वाकायला लागली, मी तिचा दंड धरला. नर्सचा दंड, लोखंडासारखा. बापावर गेलीय.

२४ जून, मंगळवार

नातीशी कडाक्याचं भांडण.

"ओळ काढ," मी म्हटलं. "आणि माझा आवाज पुस."

"आजी, असं पुसता येत नाही. तू साक्षीदार आहेस. अख्खं प्रदर्शन तुझ्यावर उभंय."

"मी संडासात होते!"

"पण फिल्ममध्ये तो सरकला नाही असंही दिसत नाही ना! मधे टक्कल आहे. तुझ्या नणंदेने पाहिलं होतं."

"माझ्या नणंदेने मला चोरून पगार जमवतानाही पाहिलं होतं. मी एक पैसा जमवला नव्हता."

तिने पेन आपटलं. मग म्हणाली, "मग लिहू काय?"

म्हटलं, लिहू नकोस. मी सांगेन. तोंडाने केलं, तोंडानेच निस्तरते.

२८ जून, शनिवार

पाय सुजलेत पण लिहिल्याशिवाय झोप नाही.

एवढी माणसं कुठून आली? काठ्या, कानातली यंत्रं, चाकाच्या खुर्च्या. कुणी तिकिटाचा तुकडा जपलेला, कुणी जाहिरातीचा कागद, एकाने तर त्या रात्री फेकलेल्या खुर्चीचा पाय आणलाय! सगळे एकमेकांना सांगतायत — मी तिथे होतो, मी डोळ्यांनी पाहिलं. प्रत्येकाची कुस्ती वेगळी! एक म्हणतो पोलादचा लंगोट लाल, दुसरा म्हणतो निळा. फिल्म काळी-पांढरी, भांडा.

विंचवाला मुलीने खुर्चीतून आणला, मांडीवर शाल. कुणी ओळखलं नाही. मग पंचाने ओळखलं, आणि कुजबुज पसरली. मागून कुणीतरी म्हाताऱ्या घशाने ओरडलं, "विंचू, हाय हाय!" आणि सगळा हॉल सुरू झाला, हाय हाय! अर्धे हसत होते. अर्धे नव्हते. त्याची मुलगी पांढरीफटक. पण त्याची मान! मान हळूहळू ताठ झाली. बोट उगारलं त्याने लोकांवर, तसंच, तेव्हासारखं.

फिल्म लावली. माझी खुर्ची रिकामी झाली तिथे मी उठले. हॉलमध्ये, पहिल्या रांगेत. नातीने फिल्म थांबवली.

म्हटलं, "ती बाई मी. इतकी वर्षं सांगत आले की विंचू सरकलेला मी पाहिला. मी काही पाहिलं नाही. मी पोरीला घेऊन संडासात गेले होते." लोक हसले. म्हटलं, "हसा. पैलवान मला घड्याळ म्हणायचे. मी उठले की पोलादने उठायचं असं ठरलेलं होतं. हो, ठरलेलं होतं सगळं, ज्यांना माहीत नव्हतं त्यांनी माझ्यासारखं दोन दिवस उपाशी राहा. त्या दिवशी घड्याळ चुकलं. झेलणाऱ्याची पाठ होती. या माणसाने त्याला मारलं नाही. चाळीस वर्षं तुम्ही आणि मी मिळून याच्या दाराला डांबर फासलं."

आता कुणी हसलं नाही. काही लोकांची तोंडं अशी झाली होती — माझं त्या गुरुवारी झालं असेल तसं. एक म्हातारा उठून बाहेर गेला, खुर्चीचा पाय तिथेच टाकून.

मुलगी बापाच्या खुर्चीमागे उभी राहून रडत होती, मोठ्याने, लाज सोडून. चाळीस वर्षांचं.

आणि तो? मला वाटलं होतं, हात जोडेल, मान डोलावेल, काहीतरी. तो माझ्याकडे बघत होता, डोळे बारीक करून. मान पुन्हा खाली गेली होती. उशीसारखा दिसत होता परत.

२९ जून, रविवार

पाटीवर आता एवढंच आहे — विंचू. खाली नातीने जागा सोडलीय. रात्री झोप लागली नाही. डोळे मिटले की पोर कडेवर घेऊन उठते.

३० जून, सोमवार

सकाळी फोन. त्याचाच. आवाज रिंगणातला — खर्जातला, घाणेरडा.

"ए तिसऱ्या खुर्चीवरची म्हातारे! फुकटचा मोठेपणा घेऊ नकोस. तू उठलीस का बसलीस, काय फरक पडला? मी वळून बघितला होता त्याला येताना. मुद्दाम सरकलो. कळलं? आता झोप."

मागून त्याच्या मुलीचा आवाज — "पप्पा, हे काय, असं का —" फोन बंद.

तशीच बसलेय. खरं बोलला, की मला झेललं?